पहिले दोन आमच्याकडे

आमच्या लंडनच्या मराठी मंडळातल्या जुन्या लोकांना विचारलंत तर ते सांगतील की त्या वर्षी कॅरमवरून मी उगाच भांडलो. उगाच मी कधीच भांडत नाही. इल्फर्डमध्ये सूटकेसचं दुकान चालवणारा माणूस उगाच भांडायला लागला, तर महिन्याभरात त्याचं शटर कायमचं खाली येईल. जिथे मला वास येतो तिथेच माझा आवाज चढतो. आणि त्या अमेरिकन फॉरमॅटला पहिल्या दिवसापासून वास येत होता.

तो फॉरमॅट आणला स्टॅनमोरच्या एका डॉक्टरांनी. हाडांचे डॉक्टर. इथल्या हॉस्पिटलात लागण्याआधी तीन वर्षं अमेरिकेत होते आणि येताना बेसबॉलचं वेड घेऊन आले होते. त्यांचा मेहुणा तिकडून सामन्यांच्या व्हिडिओ टेप पाठवायचा. अमेरिकन टेप इथल्या मशीनवर चालत नाही, म्हणून डॉक्टरांनी दोन्ही सिस्टिमचा व्हीसीआर घेतला होता. दोन-दोन आठवडे शिळे सामने ते मन लावून बघायचे आणि तोवर निकाल कोणी सांगू नये म्हणून घरात ताकीद देऊन ठेवायचे. इतक्या चिकाटीचा माणूस एखादी गोष्ट सहज सुचवतो, यावर माझा विश्वास नाही.

त्याआधी आमच्या मंडळाची कॅरम स्पर्धा फेब्रुवारीतल्या एका रविवारी व्हायची. शाळेचा हॉल घ्यायचा, सकाळी दहाला सुरुवात, हरलेली जोडी बाहेर, चहाच्या वेळेला बक्षीस. मी आणि माझा जोडीदार लागोपाठ तीन वर्षं त्या हॉलमधून हात हलवत परत आलो होतो. एरवी वर्षभर आमच्यासमोर कोणी टिकत नसे, पण त्या एका दिवशी काहीतरी व्हायचंच. एकदा जोडीदाराच्या अंगात ताप. एकदा आमच्या वाट्याला खिडकीखालचा बोर्ड आला, जो एका कडेने फुगला होता. तो तिथे कोणी मांडला हे मला आजही ठाऊक नाही, पण एका माणसावर माझा संशय आहे.

जोडीदाराला मी दादा म्हणायचो. माझ्यापेक्षा चौदा वर्षांनी मोठे, नागपूरचे, बसच्या गॅरेजमध्ये पंचवीस वर्षं मेकॅनिक. ते मला शेठ म्हणायचे, निम्मं प्रेमाने आणि निम्मं टोमणा म्हणून. दर रविवारी जेवण झालं की ते दुकानाच्या मागच्या खोलीत यायचे. तिथे रिकाम्या खोक्यांच्या मधोमध एका उंच स्टुलावर माझा बोर्ड असायचा. भिंतीला ओल होती, त्यामुळे बोर्ड नेहमी जड. पावडर कितीही टाका, स्ट्रायकर अर्ध्यात दमायचा. दादांना त्याचं काही वाटत नसे. नट-बोल्ट पिळून पिळून त्यांचा अंगठा असा झाला होता की त्यांनी मारलेली सोंगटी आपणहून भोकात जायची, घाबरून.

नागपूरला त्यांच्या वस्तीत एक क्लब होता, तिथे ते खेळायला शिकले. त्या क्लबात एक काचेचं कपाट आहे. वस्तीतल्या माणसांनी जिंकून आणलेलं सगळं त्यात ठेवतात. दादांच्या बरोबरीच्या प्रत्येकाचं त्यात काही ना काही आहे, दादांचं नाही, कारण ज्या वर्षी त्यांची पाळी होती त्या वर्षी ते लंडनच्या विमानात बसले. येत्या मार्चमध्ये ते रिटायर होऊन कायमचे परत जाणार होते. आमच्या स्पर्धेत जिंकलेल्या जोडीतल्या दोघांनाही वीतभर उंचीचा एकेक कप कायमचा मिळायचा. दादांना तो कप त्या कपाटात ठेवायचा होता. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं, तेही स्ट्रायकर पुसता पुसता, माझ्याकडे न बघता. मला तेवढं पुरे होतं.

शहाण्णवच्या सप्टेंबरात कळलं की शाळेच्या हॉलचं छप्पर काढलंय आणि वर्षभर तो मिळणार नाही. म्हणून सेक्रेटरींच्या पिनरच्या घरी मीटिंग झाली. तिथे डॉक्टरांनी एका पाकिटाच्या पाठीवर रेघा मारून आम्हाला बेसबॉल समजावला. मला तेव्हा एवढंच ठाऊक होतं की इथल्या शाळांतून मुली राउंडर्स खेळतात, त्याचा तो मोठा भाऊ.

डॉक्टर म्हणाले, अमेरिकेत दोन लीग आहेत. पूर्वी प्रत्येक लीगचे दोन भाग असायचे. दोन भागांचे दोन विजेते एकमेकांशी खेळायचे, आणि त्यातला जिंकलेला दुसऱ्या लीगच्या विजेत्याशी वर्ल्ड सीरिज खेळायचा. मग त्यांनी दोनाचे तीन भाग केले. आता विजेते झाले तीन, आणि तिघांची सेमीफायनल होत नाही. तेव्हा चौथा कोण? तर जे आपापल्या भागात पहिले आले नाहीत, त्यांच्यातला ज्याचा जिंकल्या-हरल्याचा हिशोब सगळ्यात चांगला, तो. त्याला वाइल्ड कार्ड म्हणायचं. चौघांची पहिली फेरी पाच सामन्यांची, जो आधी तीन जिंकेल तो पुढे. त्यानंतरची फेरी सात सामन्यांची, चार जिंकायचे. वर्ल्ड सीरिजही सातांची.

मी विचारलं, एकाच जोडीशी पाच-पाच, सात-सात वेळा कशाला खेळायचं? ते म्हणाले, तिथे हंगामात एकशे बासष्ट सामने होतात. एवढं खेळून एका वाईट दिवसावर सगळं बुडू नये, म्हणून.

आता हे बोलताना ते माझ्याकडे बघत होते. एका वाईट दिवसावर तीन वर्षं बुडालेला माणूस त्या खोलीत मीच होतो. म्हणजे माझं दुखणं ओळखून, न विचारता, त्यावरचं औषध डॉक्टर आपण होऊन देत होते. गिऱ्हाईक दुकानात शिरल्या शिरल्या माझ्या मालाची स्तुती करायला लागलं की मी गल्ल्याजवळ सरकतो. तसाच मी खुर्चीत पुढे सरकलो आणि विचारलं, हे वाइल्ड कार्ड नेमकं कोणासाठी ठेवलंय? लोक हसले. डॉक्टरही हसले.

ठरलं ते असं. हॉल नाही, तर सामने घराघरांत, प्रत्येकाच्या स्वतःच्या बोर्डावर. बारा जोड्यांचे तीन ग्रुप: आमचा पूर्वेचा, डॉक्टरांचा हॅरोकडचा, आणि नदीपलीकडच्यांचा. नोव्हेंबर ते जानेवारी ग्रुपचे सामने. मग तीन विजेते आणि एक वाइल्ड कार्ड, अशा चौघांच्या सेमीफायनल, पाच गेमच्या. फायनलही पाच गेमचीच, कारण सात गेमना बायका तयार नव्हत्या. आणखी एक कलम डॉक्टरांनी अमेरिकेतूनच आणलं: वाइल्ड कार्डची पहिली गाठ स्वतःच्या ग्रुपच्या विजेत्याशी घालायची नाही. मी तेही वहीत लिहून घेतलं आणि खाली रेघ मारली. कोणत्याही करारात असं एखादं निरुपद्रवी वाक्य असतं. पुढे तेच चावतं.

आम्ही आमच्या ग्रुपमध्ये एकही सामना हरलो नाही. दादा त्या थंडीत असे खेळले की जणू त्यांना परत पंचविशी लागली होती. जानेवारीत मी त्यांना दुकानातली एक कडक कवचाची सूटकेस दिली. पैसे घेतले नाहीत, तर ते म्हणाले, "शेठ, आज तब्येत बरी आहे ना?" घरी जाऊन त्यांनी हळूहळू ती भरायलाही सुरुवात केली.

तिकडे हॅरोच्या ग्रुपमध्ये डॉक्टर आणि त्यांची बायको दुसरे आले. पहिली आली पिनरची एक जोडी, जिला या नवरा-बायकोने आदल्या वर्षी सहज हरवलं होतं. तिन्ही ग्रुपमधल्या दुसऱ्या जोड्यांत डॉक्टरांचा हिशोब सगळ्यात चांगला निघाला. वाइल्ड कार्ड त्यांना. स्वतःच्या ग्रुपच्या विजेत्याशी गाठ नाही, म्हणून चिठ्ठी टाकली ती आमच्यात आणि नदीपलीकडच्या जोडीत, आणि नाव आमचं निघालं.

मी वही काढून दादांना ती रेघ दाखवली. म्हटलं, ज्याने पाकिटावर फॉरमॅट काढला, वाइल्ड कार्ड त्यालाच लागतं, आणि ज्या पिनरवाल्यांना तो लोळवतो त्यांच्याशी मुद्दाम हरून तो आपल्यासमोर येतो. आणि ही चिठ्ठी, ती कोणी उचलली? दादांनी विचारलं, मुद्दाम हरून आपल्यासमोर यायला आपण काय त्यांना सोपे वाटतो? मी वही मिटली. एका प्रश्नाने संशय चूक ठरतो असं नाही.

दोन दिवसांनी दुपारी दुकानात डॉक्टरांचा फोन आला. दादा समोरच बसले होते. डॉक्टर नेहमीसारखे गोड बोलत होते. म्हणाले, "अमेरिकन पद्धतीने पहिले दोन गेम आमच्याकडे स्टॅनमोरला घेऊ. उरलेले तीन तुमच्याकडे. तुम्ही ग्रुप जिंकलात, आम्ही मागच्या दाराने आलोय. तेव्हा हा मान तुमचा."

माझ्या धंद्याचा एक नियम आहे: समोरचा जे न मागता देतो, ते त्याला नको असतं. मी रिसीव्हर कानाला धरून भराभर विचार केला. पहिले दोन त्यांच्या बोर्डावर. तिथे आपण दोन्ही हरलो, तर तिसऱ्या गेमला आपली पाठ भिंतीला. आपल्या वाट्याचे तीन मग राहतात कागदावर. उलट पहिले दोन आपल्या ओल्या खोलीत खेळलो तर ते आपलेच. मग उरलेल्या तिनातला एक जिंकला की झालं, तो कुठेही जिंका. तीनपैकी एक दादांना कुठेही मिळेल. डॉक्टर मला तीन दाखवून दोन काढून घेत होते.

मी म्हटलं, "पहिले दोन आमच्याकडे."

मग ते म्हणाले, "विचार करून सांगा हं."

"विचार झालाय."

"अहो, पण पद्धत तशी नाहीये. मग कमिटीला विचारायला लागेल."

कमिटीला मीच विचारलं. सेक्रेटरींना त्या दुपारी तीन फोन केले. तिसऱ्या फोनमध्ये सांगितलं की पहिले दोन इल्फर्डला होणार नसतील तर पूर्वेच्या चारही जोड्या पुढच्या वर्षीपासून आपली वेगळी स्पर्धा घेतील, आणि गणपतीला स्टॉलही लावणार नाहीत. बाकीच्या तीन जोड्यांना मी विचारलं नव्हतं. सेक्रेटरी थकल्या आवाजात म्हणाले, घ्या बाबा तुमच्या मनासारखं. संध्याकाळच्या आत डॉक्टरांचाही होकार आला. इतक्या लवकर आला की मला वाटलं, आणखी थोडं ताणायला हवं होतं.

या सगळ्या वेळात दादा एकच वाक्य बोलले होते. मी डॉक्टरांचा फोन ठेवून त्यांना सगळं सांगितलं तेव्हा. "घ्या ना ते देतायत ते, शेठ." मी म्हटलं, दादा, तुम्ही इंजिनं बघा, सौदा मला करू द्या.

फेब्रुवारीतल्या पहिल्या रविवारी डॉक्टर पती-पत्नी इल्फर्डला आले. बाई भूल देणाऱ्या डॉक्टर होत्या. बोलणं फार कमी, हात विलक्षण हलका. पण माझ्या बोर्डावर हलका हात काय करणार? त्यांचा स्ट्रायकर सोंगटीपर्यंत पोचेपोचेतो उभा राहायचा. दादांचा अंगठा मात्र तोफेसारखा चालला. दोन्ही गेम आम्ही घेतले. जाताना बाई खोलीची भिंत निरखून म्हणाल्या, इथे डिह्युमिडिफायर लावा, तुमच्या चामड्याच्या मालाला बुरशी येईल. मला ते बोलणं आवडलं नाही. आपली हार झाकायला माणूस दुसऱ्याची भिंत बघतो.

पुढच्या रविवारी आम्ही माझ्या व्हॅनमधून स्टॅनमोरला गेलो. एक जिंकायचा होता, फक्त एक. दादांनी टाय लावला होता.

डॉक्टरांचा बोर्ड बागेकडच्या काचेच्या खोलीत होता. बाहेर गवतावर पांढरं दव आणि आत दोन रेडिएटर. जाड प्लायवूडचा बोर्ड, मुंबईहून मागवलेला, आणि त्या कोरड्या उबेत आरशासारखा झालेला. दादांनी पहिला स्ट्रोक नेहमीच्या ताकदीने मारला, तर स्ट्रायकर तीन बाजूंना आपटून आमच्याच हातात परत आला. बाई नुसतं बोट टेकवत होत्या. जणू पेशंटची नस शोधतायत अशा, आणि सोंगट्या एकामागून एक झोपत होत्या. तिसरा गेम गेला. चौथा त्याहून वाईट गेला.

दोन-दोन झाल्यावर मी उठलो आणि पिशवीतून सपाटी तपासायची स्पिरिट लेव्हल काढली. ती मी दुकानातून मुद्दाम आणली होती. खिडकीखालचा तो फुगलेला बोर्ड मी विसरलो नव्हतो. कोणालाही न विचारता मी ती त्यांच्या बोर्डावर ठेवली. खोलीत पिनरची जोडी, सेक्रेटरी, आणखी चार-पाच माणसं होती.

बुडबुडा बरोबर मधोमध थांबला.

बाई म्हणाल्या, "चारही बाजूंनी लावून बघा ना. आम्हालाही कळेल." आवाजात राग नव्हता, म्हणूनच ते जास्त लागलं. माघार घेता येत नव्हती. मी चारही बाजूंनी लावली. चारही वेळा मधोमध.

पाचव्या गेमला माझे दोन सोपे नेम चुकले, ते मी कबूल करतो. तरी दादांनी ओढून ओढून तो शेवटच्या डावापर्यंत आणला. तोवर त्यांना त्या बोर्डाची चाल थोडी कळायला लागली होती. राणी त्यांनी इतकी अलगद घेतली की डॉक्टरांनी मान हलवून दाद दिली. आता कव्हर म्हणून एकच सोंगटी घालायची होती, सरळ, भोकापासून चार बोटांवर. माझ्या खोलीत दादांनी ती डोळे मिटून घातली असती. इथे अंगठ्याने सवयीचा जोर लावला. सोंगटी भोकाच्या काठाला लागून उलटी फिरली आणि बोर्डाच्या मधोमध येऊन थांबली. राणी परत बोर्डावर आली. पुढच्या पाळीत बाईंनी ती घेतली, आणि कव्हरही.

मी कोट घातला आणि चहा न घेता बाहेर येऊन व्हॅनमध्ये बसलो. दादा पाऊण तासाने आले. त्यांनी चहा घेतला होता, डॉक्टरांशी अमेरिकेतल्या बसेसबद्दल बोलले होते, आणि बाईंनी दिलेला चिवड्याचा स्टीलचा डबा त्यांच्या हातात होता.

फायनलही डॉक्टरांनीच जिंकली, पिनरच्या जोडीविरुद्ध. वाइल्ड कार्डने.

मग मी गप्प बसणं शक्यच नव्हतं. मंडळाकडे पाठवायला मी चार पानी पत्र लिहायला घेतलं. त्यात मला सिद्ध करायचं होतं की हा फॉरमॅट खरा अमेरिकेचा नव्हेच, डॉक्टरांनी स्वतःच्या मापाचा शिवून घेतलाय. त्यासाठी पुरावा हवा होता. म्हणून एका बुधवारी दुपारी दुकान बायकोवर सोपवून मी लायब्ररीत गेलो. तिथल्या बाईंना बेसबॉलचं पुस्तक मागितलं तर त्यांनी आधी मला राउंडर्सचं दिलं. मग आतल्या कपाटातून एक जाडजूड अमेरिकन वार्षिक आणून दिलं.

पाकिटावरचं सगळं त्यात होतं. तीन भाग, चौथा वाइल्ड कार्ड, स्वतःच्या भागाच्या विजेत्याशी पहिली गाठ नाही, पहिली फेरी पाचांची. एक कानाही डॉक्टरांनी पदरचा घातला नव्हता. पान उलटलं तर सामने कुठे व्हायचे त्याची माहिती होती. पहिले दोन एकाच्या मैदानावर, पुढचे तीन दुसऱ्याच्या. आणि ज्याच्याकडे शेवटचे तीन, फायदा त्याचा, असं स्वच्छ लिहिलं होतं. पाचवा, निकालाचा सामना त्याच्या घरी होतो म्हणून. वाइल्ड कार्डला हा फायदा कधीच द्यायचा नाही, हेही होतं.

मी ते पान तीनदा वाचलं. पहिल्या वाचनात मी डॉक्टरांची चलाखी शोधत होतो, दुसऱ्यात छपाईची चूक. तिसऱ्या वेळी शोधण्यासारखं काही उरलं नाही. फोनवर त्यांनी मला जे दिलं होतं ते खरंच माझं होतं, आणि ते मी भांडून, धमकी देऊन, त्यांच्या पदरात टाकलं होतं.

तरीही तिथे एक धागा सापडलाच. हा तीन सामन्यांचा फायदा तिकडे ज्याने जास्त सामने जिंकले त्याला मिळत नव्हता. कोणत्या भागाच्या विजेत्याला द्यायचा ते आळीपाळीने आधीच ठरलेलं असायचं. म्हणजे सगळ्यात चांगला खेळलेला संघ परक्या मैदानावर पाचवा सामना खेळताना सापडू शकत होता. मला वाटलं, बघा, तिथेही काहीतरी शिजतंय. पण ते पत्रात लिहून माझ्या बाजूने काही सिद्ध होत नव्हतं. चार पानं मी लायब्ररीच्या टोपलीत टाकली.

आता डॉक्टरांवर माझा राग कशाचा उरला? तर "विचार करून सांगा हं" एवढंच म्हणण्याचा. ज्याला दिसतंय की समोरचा खड्ड्यात चाललाय, त्याने हात धरून थांबवावं. नुसतं "जपून हं" म्हणणं म्हणजे नंतर आपल्याला बोल लागू नये याची सोय. हे माझं मत आजही कायम आहे. माझ्या दुकानात एखादं गिऱ्हाईक भांडून भांडून चुकीची बॅग मागायला लागलं तर मी तरी काय म्हणतो, ते मला इथे लिहायचं नाही.

दादा निघायच्या आदल्या सकाळी मी वजनाचा हुकवाला काटा घेऊन त्यांच्या फ्लॅटवर गेलो. सूटकेस पलंगावर उघडी होती. कपडे, औषधं, गॅरेजच्या मित्रांनी दिलेलं घड्याळ, सगळं मेकॅनिकच्या हाताने चापून बसवलेलं. फक्त एका कोपऱ्यात दोन स्वेटरच्या मध्ये वीतभर खळगा रिकामा होता. त्यांनी तो जानेवारीतच ठेवला होता आणि अजून बुजवला नव्हता.

लायब्ररीतल्या त्या पानाचं त्यांना सांगायचं मी येताना वाटेत ठरवलं होतं. तो खळगा बघितला आणि तोंडातून भलतंच निघालं. म्हटलं, दादा, त्या डॉक्टरने आपल्याला फसवलं. वर, नागपूरला जाऊन सगळ्यांना तसंच सांगा, असंही म्हटलं.

दादा स्वयंपाकघरात गेले आणि चिवड्याचा तो स्टीलचा डबा घेऊन आले. अर्धा संपला होता. त्यांनी झाकण घट्ट बसवलं, डबा खळग्यात ठेवला आणि वरून हात फिरवून पाहिला. नेमका बसला. मी काटा लावला. वजन बरोबर भरलं. मीच कुलपं लावून दिली, कारण त्या सूटकेसची डावी खिट्टी थोडी दाबून लावावी लागते आणि ते मला ठाऊक होतं.

पुढल्या फेब्रुवारीत हॉलचं छप्पर झालं आणि स्पर्धा पुन्हा एका रविवारी व्हायला लागली. मी पुन्हा नाव दिलं नाही. पण एक सवय लागली. दर ऑक्टोबरात लायब्ररीत जाऊन अमेरिकन वर्तमानपत्रात बेसबॉलच्या त्या चार फेऱ्यांच्या मागे लागायचं. फेऱ्या खरं तर तीनच, पण हंगामातली शेवटची धडपडही मी एक फेरीच धरतो. कोणाला शेवटचा सामना घरी मिळाला, आणि त्याचं काय झालं, एवढंच मी बघायचो.

अठ्ठ्याण्णवच्या ऑक्टोबरात तिथे वाचलं की त्यांनी पहिल्या फेरीची पद्धत बदलली. आता पहिले दोन सामने ज्याचा हिशोब वरचढ त्याच्या घरी, मग दोन दुसऱ्याकडे, आणि पाचवा पुन्हा पहिल्याच्याच घरी. वाइल्ड कार्डला फायदा नाही तो नाहीच. आणि तो आळीपाळीचा खेळही बंद.

मी पान धरून बसलो. पहिले दोन घरी. मी हेच मागितलं होतं. अमेरिकेत दोन वर्षांनी जे सुचलं ते मला इल्फर्डला एका फोनमध्ये सुचलं होतं, आणि तरी लोक म्हणतात की मी उगाच भांडलो. तिकडेही कोणीतरी टेबलावर मूठ आपटलीच असणार. आपोआप कोणी काही बदलत नाही.

त्या आठवड्यातल्या रविवारी दुपारी मी नागपूरला फोन लावला. दादांनी उचलला, जय भीम म्हणाले, बायकोची तब्येत विचारली. मी त्यांना नवी पद्धत वाचून दाखवली. आणि त्या ओघात लायब्ररीतलं जुनं पानही सांगून टाकलं. डॉक्टरांनी आपल्याला बरोबर तेच देऊ केलं होतं, आणि मी ते घालवलं, असं सरळ सांगितलं. अशी वाक्यं मी आयुष्यात फार वेळा बोललेलो नाही.

ते हसले.

"म्हणजे पहिले दोन मागितलेत ते बरोबरच होतं, शेठ. शेवटचा मागायला विसरलात."

मी विचारलं, तुम्हाला हे आधीच कळलं होतं का?

"तुम्ही फोन ठेवलात तेव्हाच बोटं मोजली. दोन इकडे, तीन तिकडे. त्यात काय कळायचंय?"

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो की. घ्या म्हटलं होतं."

म्हटलं होतं खरं. मला ते शब्दन् शब्द आठवत होतं. मी विषय बदलला आणि क्लबाचं विचारलं. ते रोज संध्याकाळी तिथे जातात, पोरांना शिकवतात, अंगठ्याने मारू नका, बोट टेकवा म्हणून सांगतात. बोर्ड नवा आणलाय. आणि सोंगट्या, स्ट्रायकर हरवू नयेत म्हणून एका डब्यात भरून कुलपात ठेवतात, त्या काचेच्या कपाटात. डबा तोच, स्टॅनमोरचा. कपाटात माझंही काहीतरी आहे म्हणायला बरं, असं म्हणून ते पुन्हा हसले.

डॉक्टरांना मी हे अजून कळवलेलं नाही.